इंदिराबाई व इतर एक

ताई, तू गेलीस त्याच्या तेविसाव्या दिवशी मी यवतमाळच्या कोर्टात तुझ्या नावाला ‘हजर’ म्हणाले.

हे आधीच सांगून टाकते. इतके दिवस तुला लिहायचं म्हणून वही घेऊन बसते आणि भलतीकडेच फिरून येते. तुझी पिठाची गिरणी, तुझा आवाज, तुझ्या हातची पाटवडीची भाजी, सगळं लिहून होतं आणि हीच एक गोष्ट राहते. अंगणवाडीत मी वीस वर्षं हजेरी मांडते. मामाच्या गावाला गेलेल्या लेकरालाही मी कधी खोटं हजर मांडलं नाही. मांडलं ते तुला.

पुकारा कसा होतो ते तुला काय सांगायचं. पट्टेवाला दाराशी उभा राहून ओरडतो, ‘इंदिराबाई व इतर एक, विरुद्ध गजानन!’ इंदिराबाई म्हणजे तू. गजानन म्हणजे आपला गज्या, आपल्या दोघींच्या पाठचा, ज्याला तू कडेवर घेऊन वाढवलंस आणि मोठा झाल्यावर बाबांच्या जमिनीच्या वाटणीवरून कोर्टात उभं केलंस. आणि इतर एक म्हणजे मी. मला त्या नावाचं कधी वाईट वाटलं नाही, खरं सांगते. तुझ्या मागे इतर एक होऊन बसायला बरंच वाटायचं. तू उठायचीस, पदर खोचायचीस आणि दोघींचं मिळून एकदाच ‘हजर’ म्हणायचीस. गिरणीच्या आवाजावर बोलून बोलून तुझा गळा असा झाला होता की साहेब मान वर करून बघायचे. एकदा ते म्हणालेही, ‘बाई, जरा हळू.’ तू म्हणालीस, ‘हळूच तर म्हनलं साहेब.’

वकीलबाई दर वेळी सांगायच्या, अपिलात तुम्ही यायची गरज नाही, मी आहे ना. तू ऐकतेस कुणाचं? ‘आपली केस हाये. आपूनच नाही गेलो तं त्याइले वाटीन, कोनाले काही पडलीच नाही,’ म्हणत दर तारखेला राळेगावच्या एसटीने यायचीस. मी लोहाऱ्याहून ऑटोने. तुझ्या पिशवीत पाण्याच्या दोन बाटल्या असायच्या, एक तुझी आणि एक माझी. मी घाबरले की पाणी आणायचं विसरते, हे तुला आईपेक्षा जास्त माहीत होतं.

त्या दिवशी वकीलबाई दुसऱ्या कोर्टात अडकल्या होत्या. आणि तू गेल्याचं मी त्यांना सांगितलंच नव्हतं. फोन तीनदा हातात घेतला, तीनदा ठेवला. सांगितलं की केस संपणार, असं कुठून तरी माझ्या डोक्यात बसलं होतं. केस चालू आहे तोवर तू कुठेतरी आहेस, उशिराच्या एसटीत आहेस, असं मला वाटत होतं. वेड्यासारखं आहे, पण होतं ते असं.

पुकारा झाला. कोणी उठलं नाही. पुन्हा झाला. मी बाकाच्या टोकाला बघितलं, तू बसायचीस तिथे. तिथे एक अनोळखी म्हातारा टोपी मांडीवर ठेवून बसला होता. पट्टेवाल्याने तिसऱ्यांदा तोंड उघडलं तशी माझ्या घशातून ‘हजर’ असं निघालं. मोठ्याने नाही. साहेबांनी मान वर केली नाही. खाली बसलेल्या बाबूंनी रोजनाम्यात लिहून घेतलं, दोन्ही अपीलकर्त्या हजर. पुढची तारीख उन्हाळ्याच्या सुटीनंतरची पडली.

समोरच्या बाकावर गज्या होता. मुंडण केलेलं. तुझ्यासाठीच. तुला मूलबाळ नाही, भाऊजी तर आधीच गेलेले. दिराची मुलं बाजूला उभी राहिली आणि गज्याने न विचारता मडकं खांद्यावर घेतलं होतं. ज्या माणसाने तुला अग्नी दिला तो समोर बसलेला, आणि मी त्याच्यासमोर तुला हजर म्हणाले. त्याने माझ्याकडे बघितलं. मग मागे वळून दाराकडे बघितलं.  मी पिशवी उचलली आणि बाहेर पडले.

त्या उन्हाळ्यात मी काय काय भिऊन घेतलं ते विचारू नकोस. शेजारच्या माणसाने कुणाचं तरी बोलता बोलता सांगितलं, कोर्टात खोटं बोललं की आत टाकतात. त्याला बिचाऱ्याला काय माहीत. दुसऱ्या दिवशी अंगणवाडीच्या दारात खाकी कपडे दिसले आणि माझ्या हातातलं खिचडीचं पातेलं खाली आदळलं. पोस्टमन होता. घरात मी कोणाला काही सांगितलं नाही. हे एमआयडीसीतून आले की विचारायचे, ‘तुह्या चेहऱ्याले काय झालं व?’ मी उन्हावर ढकलायची. पाल, साप, पर्यवेक्षिका, सगळ्यांना भिऊन झालं होतं माझं आयुष्यात, तू त्याची यादी करून हसायचीस. ही भीती त्या यादीतली नव्हती.  जेवताना असायची, लेकरांचं वजन करताना असायची.

आणि आपलं शेवटचं बोलणं भांडणाचं. तू जायच्या आठ दिवस आधी मी तुझ्या गिरणीवर आले होते. गहू दळायला लागलेले, मी तोंड तुझ्या कानाशी नेऊन ओरडले, ‘ताई, मांगं घेऊ या व केस. गज्यासोबत बसून बोलू.’

तू गिरणी बंद केलीस. ती बंद झाल्यावर जे शांत होतं ना, त्यात मला नेहमीच रडू येतं.

‘कायले भेतं व सुशे? गज्याले?’

‘मले भेव लागते कोर्टाचं. तारखेच्या आंधी दोन दिवस जेवन जात नाही.’

‘तुले कशाचं भेव नाही लागत ते सांग आंधी,’ तू हसलीस. मग हसणं थांबवलंस. ‘मी काय जमिनीसाठी लढून राह्यली का? त्या कागदावर लिवलं हाये, आमी दोघी बहिणीनं राजीखुशीनं हिस्सा सोडला. मी कवा खुशीनं सोडला? मले इचारलं का कोनी? जमीन नाही भेटली तरी चालते. पन मले माही खुशी वापस पायजे.’

‘खुशी काय कोर्टात भेटते?’ मी म्हणाले आणि निघाले. माझ्या पाठीमागे तू गिरणी पुन्हा सुरू केलीस. आठ दिवस तुझा फोन नाही, माझा नाही. दरवेळी आधी फोन तू करायचीस, म्हणून मी वाट बघत राहिले.

ताई, त्या कागदाचं मला तुझ्याशी बोलायचं होतं. कधीच बोलले नाही.

बाबांच्या तेरवीचा दिवस. पंगत उठत होती. गज्याच्या सासरकडचा तो काका कागद घेऊन आला, वारसांची नोंद करायची आहे म्हणाला, सह्या करा. आधी माझ्यासमोर धरला. मी दिवसभर कागद वाचणारी बाई. अंगणवाडीचा साधा तक्ताही मी दोनदा वाचल्याशिवाय देत नाही. तो कागद मी वाचला नाही. इतक्या माणसांत उभं राहून वाचत बसले तर भावावर विश्वास नाही असं दिसेल, तेवढ्या भीतीने मी सही केली. तू मागच्या अंगणात भांड्यांवर होतीस. ओले हात लुगड्याला पुसत आलीस आणि मला विचारलंस, ‘वाचलं का व?’ मी मान हलवली. हो म्हणून हलवली. आणि तू सही केलीस.

ती मान हलवलेली फक्त तुला माहीत होती आणि मला. खालच्या कोर्टात तू एकटी साक्षीला उभी राहिलीस, माझ्या वाटचीही तूच बोललीस, कारण मला त्या पिंजऱ्याची भीती वाटत होती. गज्याच्या वकिलाने विचारलं, ‘एवढी गिरणी चालवता, हिशेब ठेवता, आणि न वाचता सही केली?’ तू माझ्याकडे बघितलंस. एक नजर. म्हणालीस, ‘घाईत होती.’ निकालात साहेबांनी तेच लिहिलं, की इतकी व्यवहारी बाई न वाचता सही करेल हे पटत नाही. आपण हरलो ते त्या एका वाक्यावर. ‘माह्या बहिणीनं वाचलं म्हनलं म्हून केली’ एवढं म्हणाली असतीस तर! तू म्हणाली नाहीस. गिरणीवर भांडतानाही तू ते काढलं नाहीस, तेव्हा तर तुझा हक्कच होता. त्या दिवशी गिरणीवरून घरी जाताना मला एसटीत हेच आठवत होतं आणि मी तुझ्यावरच चिडत होते.

पुढची तारीख आषाढात आली. वकीलबाईंना मी तोवरही काही सांगितलं नव्हतं. गज्याच्या वकिलाने उठून अर्ज दिला आणि सोबत तुझा मृत्यूचा दाखला जोडला. मी तो दाखला पहिल्यांदा तिथे बघितला. वकीलबाई वळून माझ्याकडे बघत राहिल्या. पोरीच्या वयाच्या आहेत त्या आपल्या, पण त्या वेळी मला पर्यवेक्षिकेपेक्षा मोठ्या वाटल्या.

बाहेर व्हरांड्यात त्यांनी मला समजावलं. अपील करणारा वारला की नव्वद दिवसांच्या आत त्याच्या वारसांची नावं लावायला अर्ज द्यावा लागतो. नाही दिला तर अपील आपोआप पडतं. ते नव्वद दिवस होऊन गेले होते. गज्याच्या वकिलाचं म्हणणं, मोठ्या बहिणीचं अपील पडलं, आणि वाटणीचा हुकूम सगळ्यांचा मिळून एकच असल्यामुळे लहानीचंही पडलं. आता हे अपील कोर्टाला ऐकताच येत नाही.

‘ऐकताच येत नाही म्हणजे?’

‘म्हणजे कागद खरा होता की खोटा, तुमच्या ताईंनी खुशीने दिलं की नाही, तिथपर्यंत कोर्ट जाणारच नाही. दारातूनच परत. खालचा निकाल कायम.’

ताई, मला तेव्हा काय वाटलं ते खरं सांगते. मीच तर म्हणत होते मागे घेऊ. आता मागे घ्यायचीही गरज नव्हती. तारखा संपल्या असत्या, तारखेआधी दोन दिवस जेवण न जाणं थांबलं असतं. मला हवं होतं तेच मिळत होतं, आणि मी व्हरांड्यातल्या खांबाला धरून उभी होते. तू राजीखुशीने सोडलंस असं कायमचं लिहिलेलं राहणार, आणि तेही माझ्या गप्प बसण्यामुळे, दुसऱ्यांदा. ‘वकीलबाई, काहीही करा,’ मी म्हणाले, ‘पन हे पडू देऊ नका.’

‘मग मला सगळं सांगा. अजून काही लपवलंय?’

मी रोजनाम्यातलं ‘हजर’ सांगितलं. त्यांनी कपाळाला हात लावला. तिथल्या तिथे मान हलवल्याचंही सांगितलं, कारण आता धीर आला होता की संपला होता, मला कळत नव्हतं. त्या म्हणाल्या, ‘ते आता नाही उपयोगाचं, मावशी. साक्षीपुरावा खालीच संपला. अपील बहुतेक आहे त्याच कागदांवर चालतं. हे तुम्ही तेव्हा सांगायला हवं होतं.’ कोर्टात सांगायची जागा गेली, म्हणून तुला सांगते आहे.

मग त्यांनी विचारलं, ‘ताईंना मूलबाळ?’

‘नाही.’

‘यजमान?’

‘ते आंधीच गेले.’

‘मग नवऱ्याकडच्यांचा ह्या जमिनीवर हक्क नाही. बाईला वडिलांकडून मिळालेली जमीन, तिला मूल नसेल तर वडिलांच्याच वारसांकडे परत जाते. म्हणजे तुम्ही, आणि...’ त्या थांबल्या. त्यांच्या तोंडावर हळूहळू हसू आलं. ‘आणि गजानन.’

मला वाटलं माझ्या ऐकण्यात काही चुकलं. ज्याच्याशी तू इतकी वर्षं भांडलीस, ज्याच्या घरचं पाणी तोंडात घेतलं नाहीस, तोच तुझा वारस. पण वकीलबाईंना त्यातच वाट दिसली होती. वारस नव्याने आणायचे कुठून, ते तर दोन्ही आधीपासून कोर्टासमोर बसलेले आहेत, एक ह्या बाजूला आणि एक त्या बाजूला. वारस समोर हजर असताना अपील पडत नाही, असं त्या म्हणाल्या. तू हे ऐकलं असतंस तर गिरणी बंद करून हसली असतीस. मी हसले नाही. मला गज्याची आणखी भीती वाटायला लागली.

पाण्याचंही आठवलं. दर राखीला तू गज्याच्या घरी जायचीस. केस टाकली त्या वर्षीही गेलीस. राखी बांधायचीस, त्याला ओवाळायचीस, त्याच्या पोरींचे गाल ओढायचीस आणि वहिनीने पाण्याचा पेला पुढे केला की म्हणायचीस, ‘केस निकाली लागू दे, मग पिईन.’ तिथे बसून स्वतःच्या बाटलीतलं पाणी प्यायचीस. वहिनी रडायची. मी मेल्याहून मेल्यासारखी व्हायची आणि चहा, पाणी, शेव, समोर येईल ते सगळं संपवायची. तू मला कधी अडवलं नाहीस. ‘तिची तहान वायली, माही वायली,’ म्हणायचीस.

ह्या वर्षी मी राखीला गेले नाही. हिंमत झाली नाही. पाकिटात घालून पोस्टाने पाठवली. तुझ्या नावाची पाठवू की नको, ह्यात दोन दिवस गेले. शेवटी दोन टाकल्या.

राखीच्या आधीच्या तारखेला दोन्ही वकील बोलून झाले होते. गज्याचा वकील म्हणाला, ज्याच्याविरुद्ध ती बाई लढली तोच तिच्या वतीने उभा कसा राहणार? मला तर ते पटलंही. वकीलबाई म्हणाल्या, तो कोणत्या बाकावर बसला आहे हा प्रश्नच नाही, वारस कोर्टासमोर आहेत की नाहीत एवढंच बघायचं आहे. आणि सख्खी बहीण तर ह्याच बाजूला बसली आहे. त्यांनी माझं प्रतिज्ञापत्र दिलं होतं, मयताच्या नावाला गैरसमजातून हजर म्हटल्याचं. साहेबांनी ते वाचलं आणि मला पुढे बोलावलं.

बाकापासून तिथपर्यंत दहा पावलं असतील.  वकीलबाईंनी मला पढवलं होतं, ‘गैरसमजातून’ एवढा एकच शब्द बोला. मी तो रस्त्यातच हरवला.

‘बाई, मयत बाईंच्या नावाला तुम्ही हजर का म्हणालात?’

‘साहेब, आमच्या दोघीचं हजर तीच म्हने. त्या दिवशी कोनीच म्हनेना. म्हून मी म्हनलं.’

‘आणि तुमचं स्वतःचं?’

‘ते बी तीच म्हने.’

मागे कोणीतरी हसलं. साहेब हसले नाहीत. त्यांनी पेन खाली ठेवलं. मला वाटलं, आता पोलिसाला बोलावतात. ते म्हणाले, ‘पुन्हा असं करू नका. ज्याचं त्याने सांगायचं.’ आणि त्या दिवसाचा रोजनामा दुरुस्त करायला सांगितला. तू गेल्याची तारीख त्यांनी मोठ्याने वाचून लिहवून घेतली. मी तिथेच उभी होते. त्या तारखेपासून मी पळत होते ती मला तिथे गाठली, भर कोर्टात, आणि मी रडले. कोणी मला बाजूला केलं नाही.

हुकूम राखीनंतर झाला. अपील पडलेलं नाही. ऐकता येईल. वकीलबाईंनी फोनवर दोनदा सांगितलं तरी मी तिसऱ्यांदा विचारलं.

मग नावं दुरुस्त केलेला कागद सहीला आला. वकीलबाई स्कूटीची किल्ली हातात घेऊन उभ्या होत्या, त्यांना घाई होती. मी बसले आणि वाचला. ‘अपीलकर्ती क्रमांक एक, इंदिराबाई, मयत, तर्फे वारस: सुशीला, बहीण. गजानन, भाऊ.’ पहिल्या ओळीपासून शेवटच्या शिक्क्यापर्यंत वाचला, मागची बाजू कोरी होती तीही उलटून बघितली. त्या म्हणाल्या, ‘मावशी, मीच लिहिलाय हो.’ मी म्हणाले, ‘असू दे.’ आणि सही केली. तू विचारलं असतंस तर ह्या वेळी मान खरी हलवली असती.

परवा तारीख होती, अपील ऐकायला घ्यायची पहिली. मी एकटी गेले. तुझ्यासारखं डब्यात भाकर-भरीत घेतलं, देवाला नमस्कार केला, आणि पाण्याची बाटली ओट्यावर विसरले. पुकारा झाला. आता तो लांबलाय. ‘इंदिराबाई मयत, तर्फे वारस, व इतर एक, विरुद्ध गजानन!’

मी उठले. पदर खोचला. वाटलं होतं आवाज फुटणार नाही. ‘हजर,’ मी म्हणाले, आणि गिरणी सुरू असल्यासारखं म्हणाले, साहेबांनी मान वर केली.

तेवढ्यात समोरून आवाज आला, ‘हजर.’ गज्या उभा होता. त्याचा वकील त्याचा सदरा ओढत होता, बस म्हणून. ‘काय झालं?’ साहेबांनी विचारलं. गज्या म्हणाला, ‘वारस म्हनलं ना साहेब. मी बी हाओ त्याच्यात.’ साहेबांनी दोघांकडे बघितलं आणि लिहून घेतलं. त्या दिवशी वेळ नव्हता, पुढची तारीख मिळाली.

बाहेर कडुनिंबाखाली, आपण जेवायचो तिथे, तो माझ्यामागे आला. केस आता पुरते वाढले आहेत त्याचे. मनगटावर दोन राख्या होत्या, दोऱ्यांचा रंग गेलेल्या.

‘लहानी ताई,’ तो म्हणाला, ‘त्या दिवशी तू हजर म्हनली ना, मी मांगं पाह्यलं होतं. मले वाटलं, आली मोठी ताई.’

 घसा पार सुकला होता. त्याने ते बघितलं असणार. पिशवीतून बाटली काढली, झाकण उघडून माझ्यापुढे धरली. ‘घे. घरचं हाये.’

मी बाटली हातात घेतली. गार होती. ताई, मला इतकी तहान लागली होती की ती एका दमात संपवली असती. आजवर त्या घरचं मी सगळं प्यायले, नाही म्हणायच्या भीतीने. मी झाकण लावलं आणि बाटली त्याच्या हातात परत दिली.

‘आत्ता नाही, गज्या,’ मी म्हणाले. ‘केस चालू हाये.’

त्याने झाकण पुन्हा घट्ट केलं. मग म्हणाला, ‘हाओ. चालू हाये.’ त्याने बाटली पिशवीत ठेवली. तो त्याच्या वकिलाकडे गेला आणि मी फाटकाबाहेरच्या नळावर पाणी प्यायला गेले.